पाठ फिरल्यावर माणसं काय करतात

आमच्या घरमालकांनी तलवार कधीच उपसली नाही. तलवार होती, घोडा होता, आणि एका म्हाताऱ्या राजाने हात जोडून केलेली विनंतीही होती, की उत्तरेकडून राक्षस येताहेत, माझं राज्य वाचव. आप्पांनी ती विनंती शेवटपर्यंत ऐकून घेतली आणि दरबारातून बाहेर येऊन घोड्याला पाण्यावर नेलं. मी विचारलं, "आप्पा, त्या राजाचं काय?" तर म्हणाले, "ज्याचं राज्य हाय त्यानं वाचवावं की, सर. मी पाव्हणा माणूस."

हे सगळं कॉम्प्युटरच्या पडद्यावर चालायचं, हे खरं तर आधी सांगायला हवं होतं. पण आप्पांविषयी बोलायला लागलो की माझा असाच गोंधळ होतो. ते कुठे संपायचे आणि त्यांचा तो खेळ कुठे सुरू व्हायचा, हे मला तेव्हाही कळलं नाही आणि आता इतक्या लांबच्या गावी नोकरीला आल्यावरही कळलेलं नाही.

मी तेव्हा वालूरला एका शाळेत कॉम्प्युटर शिकवायचो आणि आप्पांच्या माडीवरच्या खोलीत भाड्याने राहायचो. आप्पा म्हणजे लिंगायत कापड दुकानदार. साठी उलटल्यावर त्यांनी दुकान जावयाच्या हाती दिलं होतं. बिलं करायला कॉम्प्युटर हवा म्हणून जावयाने एकदा त्यांना परभणीला पाठवलं. तिथल्या दुकानात नमुन्यासाठी मोठ्या पडद्यावर एक खेळ लावून ठेवला होता. एक तळं, तळ्याकाठी गाव, आणि एक घोडेस्वार नुसताच उभा. आप्पा त्याच्यासमोर स्टूल ओढून बसले ते बसलेच. दुकानदाराने बिलांसाठीचं साधं मशीन दाखवलं, तर "मला हेच पायजे, घोड्यासकट," म्हणाले. ते मशीन घरी आलं, आणि बिलं जावई हातानेच करत राहिला.

सकाळी अंघोळ, इष्टलिंगाची पूजा, कपाळावर भस्माचे पट्टे आणि मगच खुर्ची. भस्म लावल्याशिवाय ते त्या राज्यात पाऊल टाकत नसत. "चार माणसांत जायचं म्हणल्यावर नीट जावं," असं त्यांचं म्हणणं. आत शिरले की वेशीपासून सगळ्यांच्या भेटी घेत निघायचे. लोहार, कुंभार, विहिरीवर कपडे धुणारी एक बाई. जवळ गेलं की लोहार दरवेळी तेच एक इंग्रजी वाक्य बोलायचा. आप्पांना इंग्रजी येत नव्हतं. "ख्यालीखुशाली विचारायलाय," म्हणायचे. एकदा न राहवून मी अर्थ सांगितला, की तो म्हणतोय, घ्यायचं असेल तर घे, नाहीतर पुढे हो. आप्पांना जराही वाईट वाटलं नाही. "दुकानदार हाय, सर. गिऱ्हाईक नुसतं हात लावून जायला लागलं की मी बी असाच बोलायचो."

खेळातली सगळी गंमत लढण्यात आणि शिकारीत आहे असं मी वाचलं होतं. आप्पा झाडाची फळं खाऊन राहायचे आणि राक्षस दिसला की घोडा उलटा पळवायचे. दुसरा कुणी एव्हाना राजा होऊन बसला असता. आप्पांना अजून त्या राज्यातल्या नद्यांची नावंही माहीत नव्हती, पण कुंभाराच्या अंगणात कधी ऊन येतं ते पक्कं ठाऊक होतं. अशा माणसाला अडाणी म्हणावं की काय म्हणावं, मी ठरवू शकलो नाही.

अडचण एकच होती. राजधानीच्या बाजारात शिरलं की चित्र अडखळायचं. घोडा एक पाय उचलून तसाच थांबायचा आणि मग एकदम दोन दुकानं पुढे दिसायचा. घरात कॉम्प्युटरचा मास्तर राहत असताना हे असं व्हावं, याची मला लाज वाटायची. फोनवर शोधाशोध करून मी एक दिवस त्यांना सांगितलं, "आप्पा, कंपनीने पॅच काढलाय. तो टाकला की खेळ सुरळीत चालेल."

"पॅच म्हणजे?"

"म्हणजे... ठिगळच म्हणा."

सगळा जन्म कापड विकण्यात गेलेला माणूस. त्यांनी माझ्याकडे कीव आल्यासारखं पाहिलं. "नव्या कोऱ्या कापडाला ठिगळ? आन् ठिगळ लावल्यानं कापड पळायलंय व्हय?" मग म्हणाले, "आन् भरल्या बाजारात घोडा अडखळंल न्हाई तर काय करंल? आपल्या आठवडी बाजारात तुमी गाडी घालून बगा बरं."

बाजार गजबजलेला आहे म्हणूनच मशीनची दमछाक होत होती, हे खरंच होतं. तरी मी हट्टाने तो पॅच उतरवून घ्यायला लावला. आमच्या घरात फोनला रेंज फक्त गच्चीवर पाण्याच्या टाकीपाशी यायची. आप्पांचा फोन तिथे ठेवला, ऊन लागू नये म्हणून वर टोपली पालथी घातली आणि खालच्या खोलीत कॉम्प्युटर त्याच्या नेटला जोडला. काकूंच्या, म्हणजे आप्पांच्या बायकोच्या, माहेरच्यांचे फोन बंद. मध्येच लाइट गेली की सगळं थांबायचं. काकू जाता येता विचारायच्या, "झालं का तुमचं ठिगळ?"

झालं एकदाचं. आप्पांनी घोडा बाजारात घातला आणि तो लोण्यातून सुरी जावी तसा या टोकाकडून त्या टोकाला गेला. मी खुश. आप्पा मात्र संशयाने पडद्याकडे बघत राहिले. मशीन तेच, घोडा तोच, बाजार तोच, मग हे झालं कसं? कंपनीने काय केलं ते मी त्यांना समजावून सांगावं, असं फर्मान निघालं.

आता खरी गोष्ट सांगतो. मी शाळेत पोरांना पडद्यावर घर आणि डोंगर काढायला शिकवायचो, आणि मराठी टायपिंग. त्या पॅचबरोबर कंपनीने इंग्रजीत एक लांबलचक पत्रक दिलं होतं, त्यातलं निम्मं मला कळलं नव्हतं. पण आप्पा समोर मांडी घालून बसले, काकू तुरीची डाळ निवडायला घेऊन बसल्या, आणि मी शब्दकोशात अर्थ शोधत शोधत वाचू लागलो.

पहिली दुरुस्ती अशी होती, की ऊन, सावली, पाण्यावरची चमक हे सगळं कसं रंगवायचं त्याची तयारी आधी ऐन वेळी व्हायची, आता ती खेळ सुरू होतानाच होऊन जाते. मी दोनदा सांगूनही आप्पांच्या चेहऱ्यावर काही उमटेना. काकू डाळीतून मान वर न करता म्हणाल्या, "कणीक आधीच मळून ठेवल्यावर पाव्हणे आले तरी तारांबळ होत न्हाई. तेच की." बहुधा तेच होतं.

दुसरी दुरुस्ती सांगताना मी अडचणीत आलो. मशीनच्या डोक्यात काम करणारे बरेच भाग असतात. पॅचच्या आधी सगळा बोजा त्यातल्या एकावरच पडत होता आणि बाकीचे जवळजवळ रिकामे बसून होते. आता काम सगळ्यांत वाटून दिलंय. हे ऐकून काकूंनी मात्र मान वर केली. आणि त्या आप्पांकडे बघत राहिल्या. दुसऱ्या दिवशी सकाळी आप्पा पूजा आटोपून थेट चुलीपाशी गेले आणि भाकरी थापायला बसले. तव्यावरून निघालेली ती भाकरी मी खाल्ली आहे. जावयाला झाडायला सांगितलं, तो दुकानातून आलाच नाही. मला पाणी भरायला लावलं, मी टाकी उतू जाऊ दिली. दुपारी काकूंनी सगळ्यांना स्वयंपाकघरातून हाकललं आणि म्हणाल्या, "काढा तुमचं ठिगळ! मी एकलीच बरी." पण त्या दिवसापासून आप्पा आपला चहाचा कप स्वतः विसळू लागले, एवढं खरं.

तिसरी दुरुस्ती मी वाचली नसती तर बरं झालं असतं, असं मला पुढे पुष्कळदा वाटलं. पत्रकात लिहिलं होतं, की खेळणाऱ्यापासून जी माणसं लांब आहेत त्यांचा हिशोब आता सारखा केला जात नाही, मधूनमधून केला जातो. आणि जी नजरेआडच आहेत, त्यांचा जवळजवळ केलाच जात नाही.

"म्हणजे?" आप्पा म्हणाले.

"म्हणजे तुम्ही विहिरीपासून लांब गेलात, की त्या बाईला हलवत बसायचं काम मशीन करत नाही."

"मंग ती बाई काय करायलीय तेव्हा?"

"काही नाही. थांबलेली असते. म्हणजे खरं तर... नसतेच."

"नसते?"

"असते, पण... नोंद असते नुसती." मी काय बोलतोय ते माझं मलाच कळेना. "तुम्ही परत गेलात की होती तिथून सुरू होते."

आप्पा उठले आणि बाहेर ओट्यावर जाऊन बसले. पुढे कित्येक दिवस ते खेळात एकच उद्योग करत होते. विहिरीपासून वळायचं, कोपऱ्याआड जायचं आणि घोडा गर्रकन फिरवून परत यायचं. ती बाई थांबलेली सापडते का ते पाहायचं. ती कधीच सापडली नाही, ते आले की कपडे धूतच असायची. मग हीच खोड घरात आली. काकू भाजी चिरत असल्या की आप्पा बाहेर जायचे आणि खिडकीतून हळूच डोकावायचे. एकदा मी अंघोळीला निघालो तर जिन्यात उभे. "काही न्हाई, सर. चालू द्या तुमचं," म्हणाले. मला वाटलं, आता परभणीच्या डॉक्टरांना दाखवावं लागणार. काकूंना मी तसं म्हणालोही. काकू म्हणाल्या, "त्यांच्या डोक्यात आक्का आलीय."

आक्का म्हणजे आप्पांची थोरली बहीण, गंगाखेडच्या पलीकडे राणीसावरगावला दिलेली. आई-वडील गेले, मधला भाऊ गेला, आता तेवढंच एक रक्ताचं माणूस उरलं होतं. बरीच वर्षं दोघांचं येणं-जाणं बंद होतं, बोलणंही बंद. का, ते काकूंनी मला सांगितलं. आई वारली ती ऐन उन्हाळ्यात. आक्काला निरोप गेला, ती निघालीही, पण तिची बस वाटेत बंद पडली. इकडे जाणती माणसं म्हणू लागली की इतक्या उन्हात मयत ठेवू नये. आप्पांनी होकार दिला. लिंगायतांत मृताला बसवून, त्याचं इष्टलिंग त्याच्या हातात ठेवून समाधी देतात. आईला समाधी देऊन सगळे घरी परतले, आणि मग आक्का दारात आली. "माझ्यासाठी घटकाभर थांबता आलं न्हाई तुला?" एवढंच बोलली. आप्पा थकलेले होते, चिडून म्हणाले, "बस काय मी बंद पाडली का?" आक्का घोटभर पाणी न पिता उलट्या पावली गेली.

"ती आजून तिथंच उभी हाय," आप्पा मला म्हणाले. आम्ही ओट्यावर बसलो होतो. "दारात. रागात. मी गेलो न्हाई म्हणून ती तशीच थांबलीय बगा."

मी म्हणालो, "आप्पा, तो खेळ आहे. माणसं अशी थांबत नाहीत."

"मंग काय करायलेत ते?"

मला काय माहीत? मी आपला म्हणालो, "जाऊन बघा ना." आणि जीभ चावली, कारण आप्पा लगेच म्हणाले, "वाचून तुमीच दाखिवलं, सर. तुमीच चला."

रविवारी पहाटेच्या बसने आम्ही निघालो. परभणीला गाडी बदलली, गंगाखेडला पुन्हा बदलली. सबंध वाटेत आप्पा तोंडातल्या तोंडात पुटपुटत होते. आक्का काय म्हणेल, त्यावर आपण काय म्हणायचं, मग ती काय म्हणेल, हे सगळं त्यांनी ठरवून ठेवलं होतं. मीही घाबरलो होतो, दुसऱ्याच्या घरच्या भांडणात आपण बघे म्हणून कशाला चाललोय ते कळत नव्हतं.

आक्काचं जुनं घर आप्पांना बरोबर सापडलं. दारात शेळ्या बांधलेल्या होत्या आणि आत कडबा भरलेला होता. आप्पा त्या दाराकडे बघत कितीतरी वेळ उभे राहिले. शेवटी शेजारच्याने सांगितलं, की म्हातारी आता रस्त्यापलीकडच्या स्लॅबच्या घरात राहते.

आक्का पलंगावर बसून मोबाइलवर कुणाशी तरी सोयाबीनच्या भावावरून हुज्जत घालत होती. नवी कवळी, डोळ्यांचं ऑपरेशन झालेलं, केस पांढरेशुभ्र. फोन ठेवला आणि म्हणाली, "अगं बाई, तू हायस व्हय? बस की." सुनेला चहा टाकायला सांगितला. वालूरला पाऊस कसा झाला ते विचारलं, मला गाव आणि पगार विचारला, लग्न झालं का विचारलं. आप्पांनी घसा खाकरला आणि घरून आणलेलं पहिलं वाक्य काढलं, "आक्का, त्या दिशी मी थांबायला पायजे होतं..."

"जाऊ दे रे," आक्का म्हणाली, "ते कवाच गेलं. चहा घे, थंड होईल."

सगळं इतकं नीट पार पडलं की आम्ही दुपारच्याच गाडीला लागलो. निघताना आक्का दारापर्यंत आली, "या बरं का," म्हणाली आणि आत वळली. मला हायसं वाटलं. बसमध्ये मी म्हणालो, "बघा, उगाच घाबरत होतात. झालं ना सगळं चांगलं?"

आप्पा खिडकीबाहेर बघत होते. "राहा म्हणली न्हाई हो," ते म्हणाले. "जेवून जा बी म्हणली न्हाई. माझी आक्का. पाव्हण्याला च्या देतेत तसा दिला." मग माझ्याकडे वळून त्यांनी विचारलं, "सर, तिनं मला माफ केलं म्हणायचं, का आता मी तिचा कुणी न्हाई म्हणायचं?"

मी हे पुष्कळदा मनात घोळवलंय. त्या घरात राग नव्हता, तिरकं बोलणं नव्हतं, चहात साखर बरोबर होती. तरीसुद्धा आप्पांचं म्हणणं खोटं आहे असं मला तेव्हा म्हणता आलं नाही, आणि फार वाईट वाटलं.

त्यानंतर आप्पांनी कॉम्प्युटरवर कापड टाकलं. नवा पॅच आल्याचं मी सांगितलं तर "असू द्या" म्हणाले. पुन्हा एकदा काकूंना घेऊन राणीसावरगावला जाऊन आले. आक्काने काकूंची खणानारळाने ओटी भरली, आप्पांना चहा दिला आणि गाडीची वेळ सांगितली. काकू म्हणाल्या, "आता सोडा. चांगलं बोलायलीय, त्याच्यावर काय पायजे तुमाला?" आप्पांना काय पाहिजे होतं ते त्यांनाही नीट सांगता येत नव्हतं. नुसते भस्म लावून ओट्यावर बसायचे आणि रस्त्याने कुणी गेलं की मान वळवून ते दिसेनासं होईपर्यंत पाहायचे.

तिसऱ्या खेपेला ते एकटे गेले, जाताना कुणाला सांगितलंही नाही. दिवसभर फोन लागेना. काकू दारात-घरात करत होत्या, मी दोनदा स्टँडवर जाऊन आलो. संध्याकाळच्या बसमधून आप्पा उतरले तेव्हा त्यांचे डोळे सुजले होते, आवाज बसला होता आणि चेहरा असा फुलला होता की मला काही केल्या अंदाज येईना.

"भांडली!" ते लांबूनच म्हणाले. "लय भांडली, सर!"

घरी येईपर्यंत तुकड्यातुकड्याने कळलं ते असं. या वेळी आप्पांनी माफीबिफी काही काढली नाही. चहा झाल्यावर ते आक्काला आपणहून त्या दिवसाचं सांगत बसले. आईला अंघोळ कुणी घातली, खांदा कुणी दिला, विधी करणाऱ्या स्वामींनी काय म्हटलं, माती कशी कोरडी होती. हे तिला आजवर कुणीच सांगितलं नव्हतं. आक्का आधी नुसती ऐकत होती. मग तिने विचारलं, "आईच्या हातात लिंग कुणी ठिवलं?"

"मी," आप्पा म्हणाले.

आणि आक्काने तोंडाला पदर लावला, तो काढला तेव्हा तिच्या तोंडाचा पट्टा सुरू झाला. ते माझं काम होतं, आईनं मला कबूल केलं होतं, तू कोण रं ठिवणारा, घटकाभर, एक घटकाभर थांबला असतास तर काय आभाळ कोसळलं असतं. सून घाबरून शेजारच्यांना बोलवायला गेली. आप्पा खाली मान घालून ऐकत होते आणि मधूनच तेही ओरडत होते. मग दोघंही रडली. मग आक्काने त्यांना हात धरून पाटावर बसवलं आणि बळंच जेवायला वाढलं, वाढतानाही तोंड चालूच.

काकूंनी पाण्याचा तांब्या दिला, तो आप्पांनी उभ्यानेच रिकामा केला.

"मंग? मिटलं का?" काकूंनी विचारलं.

"न्हाई न्हाई," आप्पा घाईघाईने म्हणाले. "गाडीची येळ झाली म्हणून उठलो तर दंडाला धरून बसवायली होती. म्हणली, माझं आजून बोलून झालं न्हाई, पुढल्या सोमवारी ये. आन् येताना राहायच्या बेतानं ये."